तेरा नंबरच्या ओढ्यावरचे गुरुनाथ काका

गुरुनाथ देवपुजारी यांनी अमेरिकेतली पहिली वीस वर्षं पावसाला नावं ठेवण्यात घालवली. माणूस नागपूरचा. मे महिन्यात भर दुपारी गच्चीवर वाळवणाची राखण करत वाढलेला. त्याला कंपनीने आणून टाकलं सिॲटलशेजारच्या बेलव्ह्यूला, जिथे आभाळ ऑक्टोबरात जे झाकोळतं ते मे उजाडेपर्यंत धड उघडत नाही. "हा काय पाऊस आहे का? नीट पडत नाही आणि नीट थांबतही नाही. वॉशर गेलेल्या नळासारखा नुसता गळतो," असं ते भेटेल त्याला सांगत. बेलव्ह्यूची मराठी मंडळी त्यांना काका म्हणत आणि त्यांच्यासमोर हवामानाचा विषय शक्यतो काढत नसत.

हाच माणूस पुढे चार वर्षं, दर दुसऱ्या गुरुवारी, पहाटे पाचला गाडी काढून चार तास ड्राइव्ह करत थेट जंगलात जाईल आणि तिथे आपणहून भिजत उभा राहील, असं कुणी आधी सांगितलं असतं तर त्यांच्या बायकोने, रत्ना काकूंनी, त्याला वेड्यात काढलं असतं. या सगळ्याला कारणीभूत झाली हिमानी. म्हणून पुढे जे घडलं ते तिच्या जिव्हारी लागलं.

हिमानी चिपळूणची. पावसाचं तिला कौतुकही नव्हतं आणि भीतीही नव्हती. पुण्यात वनस्पतिशास्त्र शिकून ती इकडे पीएचडीला आली आणि त्यानंतर विद्यापीठाच्या एका प्रोजेक्टवर लागली. राहायला फोर्क्स गावाबाहेर एका म्हातारीच्या घरातली भाड्याची खोली, आणि काम जंगलातल्या एका ओढ्याचं पाणी तपासण्याचं. ओढ्याला नाव नव्हतं, नुसता नंबर होता, तेरा. त्या वर्षीच्या गणपतीत बेलव्ह्यूच्या मंडळाने "आपल्या लोकांची कामं" असा एक कोपरा ठेवला होता. तिथे ती आपलं पोस्टर लावून उभी राहिली. शेजारीच मोदकांची रांग असल्यामुळे पोस्टरकडे पाठ करून शंभर माणसं उभी होती आणि पोस्टरकडे तोंड करून एकच. ते गुरुनाथ काका.

काका हाडाचे टेस्टर. दुसऱ्यांनी लिहिलेल्या सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधणं हे त्यांनी सव्वीस वर्षं केलं होतं, आणि एकोणसाठाव्या वर्षी कंपनीने त्यांना एका ईमेलवर घरी बसवलं होतं. तेव्हापासून ते घरातल्या चुका शोधत. डिशवॉशरमध्ये ताटं कशी लावावीत यावर त्यांनी रत्ना काकूंना लेखी सूचना दिल्या होत्या. काकूंनी तो कागद त्याच डिशवॉशरमध्ये घालून धुतला, असं मुलगा अनीश हसत सांगायचा. तर काकांनी पोस्टर पूर्ण वाचलं, चष्मा पुसला आणि विचारलं, "हे जे तू लिहिलंयस, मासे झाडांना खायला घालतात म्हणून, ते कुणी चेक केलंय?"

हिमानीने त्यांना समजावून सांगितलं. जंगल थंड आहे, वर्षाला साडेतीन मीटर पाऊस पडतो. इतक्या पावसाने जमिनीतला कस धुऊन समुद्रात जातो. मग हे दोन-अडीचशे फुटी स्प्रूसचे वृक्ष वाढतात कशावर? तर काही अंशी सामन माशांवर. मासा ओढ्यात जन्मतो, समुद्रात जाऊन काही वर्षं खातो, पुन्हा त्याच ओढ्यात येतो, अंडी घालतो आणि मरतो. अस्वलं आणि पक्षी त्याला काठावर ओढून नेतात, उरलेला तिथेच कुजतो. समुद्रातला नायट्रोजन, फॉस्फरस असा उलटा चढून झाडाच्या मुळाशी येतो. तेरा नंबरच्या ओढ्यावर मात्र लाकूडतोडीच्या रस्त्याखालची मोरी इतकी उंच बसवली होती की पन्नास-साठ वर्षं एक मासा वर चढला नव्हता. आता मोरी काढून पूल बांधलाय. मासे परत येतात का आणि आले तर पाण्यात फरक पडतो का, एवढंच प्रोजेक्टला बघायचं आहे.

"म्हणजे बग दुरुस्त केलाय, पण टेस्ट कुणी केलेली नाही," काका म्हणाले. "मी येतो."

ते खरोखरच आले. नवा कोरा रेनकोट, त्याच्यावर किमतीचं लेबल तसंच. पहिल्या दिवशी ते फारसं बोलले नाहीत. बोलण्यासारखं तिथे काही नसतंच. मेपलच्या फांद्यांवर शेवाळ हातभर जाड, आणि त्या शेवाळात साठलेल्या मातीत मेपलने आपल्याच फांदीतून मुळं सोडलेली. खाली आडव्या पडलेल्या जुन्या खोडावर हेमलॉकची रोपं ओळीने उगवलेली. हिमानी म्हणाली, "काका, इथे जमिनीवर बी रुजायला जागाच नाही. उभ्यापेक्षा पडलेलं झाडच जास्त जणांना पोसतं." काकांनी त्या खोडावर हात ठेवला, मग घाईने काढून घेतला, कुणाच्या अंगाला लागला असावा तसा. परतताना त्यांनी गाडीत बसून शांतपणे रेनकोटाचं लेबल तोडलं.

ओढ्यावर एक करडा बॉक्स होता. त्यातलं यंत्र दर सहा तासांनी नळीने एक बाटली पाणी ओढून घेई. आठवड्याच्या बाटल्या काढायच्या, नव्या लावायच्या, नळीच्या तोंडाची जाळी साफ करायची, असं काम. काकांनी ते ताब्यात घेतलं. त्यांचा एकच नियम होता आणि तो त्यांनी सगळ्या जंगलाला ऐकवला. बॉक्सच्या वरच्या अंगाला पाण्यात काहीही जाता कामा नये. हात धुवायचे नाहीत, बूट विसळायचे नाहीत. एकदा एका फिरायला आलेल्या माणसाने तिथे कुत्रं पाण्यात सोडलं, तर काकांनी त्याला ओल्या दगडावर उभं करून वीस मिनिटं फॉस्फरस समजावला. डबा खायचा तर खालच्या अंगाला, पडलेल्या मोठ्या स्प्रूसजवळ. तो स्प्रूस ओढ्यात आडवा होता आणि त्याच्यामागे पाण्याचा शांत डोह झाला होता. काकूंनी दिलेले मेथीचे पराठे त्या डोहाच्या काठी बसून खाताना ते हिमानीला चुका सांगत.

तिची एक चूक ठरलेली असे. बॉक्सशेजारी पत्र्याच्या डब्यात एक वही होती. जो कुणी तिथे येईल त्याने नाव, येण्याची वेळ, काम, जाण्याची वेळ लिहायची. हिमानी जाण्याची वेळ लिहायला कायम विसरे. "येतेस तेव्हा ऐटीत लिहितेस," काका म्हणत, "जाताना काय होतं गं तुला? पुढे कुणी वही बघितली तर त्याला वाटेल ही बाई अजून इथेच आहे." मग तेच पेन्सिलीने तिची वेळ भरत. काकांच्या स्वतःच्या त्र्याण्णव ओळी होत्या. एकही रकाना मोकळा नव्हता.

मागच्या वर्षी नोव्हेंबरात त्यांच्या ओळीत जास्तीचं एक वाक्य आलं. "डोहात एक कोहो सामन, मादी, सुमारे दोन फूट, एकटीच." त्या दिवशी हिमानी तापाने घरी होती. काकांनी रेनकोटाखालून फोन काढेपर्यंत मासा खोडाखाली गेला. प्रोजेक्टचे प्रोफेसर ग्रेग म्हणजे भला माणूस, पण चाळीस वर्षं मासे मोजलेला. फोटो नाही तर मासा नाही, असं त्यांनी मऊ शब्दांत सांगितलं आणि त्या वाक्यापुढे पेन्सिलीने छोटं प्रश्नचिन्ह काढलं. काकांना ते फार लागलं. जन्मभर ज्यांनी लोकांना म्हटलं की एकदा दिसलं म्हणजे झालं नाही, पुन्हा दिसलं पाहिजे, ते आता कुणाला काय म्हणणार? पुढचे सगळे गुरुवार ते डोहाकडे बघत पराठे खात. मासा पुन्हा दिसला नाही. तो उन्हाळा कोरडा गेला, सीडरचे शेंडे तांबडे पडले, डोह घोट्याएवढा झाला. "आली होती गं ती. मी बघितलंय," एवढंच ते म्हणत.

या ऑक्टोबरात काका गेले. रविवारी छातीत दुखलं, मंगळवारी हॉस्पिटलमध्ये संपलं. हिमानी बेलव्ह्यूला जाऊन आली. काकूंजवळ तीन दिवस राहिली, त्यांना भात-वरण करून घातलं, आणि परत येऊन कामाला लागली. दुसरं करण्यासारखं काही नव्हतं.

काम तरी राहणार होतं की नाही कोण जाणे. चार वर्षांच्या आकड्यांत फरक म्हणून दिसत नव्हता आणि मुदतवाढीचा अर्ज शुक्रवारी, सात नोव्हेंबरला जायचा होता. अर्ज फेटाळला गेला तर डिसेंबरअखेर प्रोजेक्ट बंद. हिमानीचा व्हिसा नोकरीला बांधलेला. नोकरी गेली की साठ दिवसांत दुसरी शोधायची, नाहीतर बॅगा भरायच्या. रोज सकाळी दात घासताना ती हे साठ दिवस मोजायची.

आणि सोमवारी प्रयोगशाळेतून आकडे आले. ऑक्टोबरच्या एकवीस तारखेला दुपारच्या बाटलीत फॉस्फरस एकदम नऊपट. संध्याकाळच्या बाटलीत तिप्पट. मग उतरत गेलेला. चार वर्षं आडवी पडलेली रेघ तिथे ताडकन उभी राहिली होती. ग्रेग खुर्चीतून उठले. वरच्या अंगाला कुठेतरी मासे मेले असणार, पावसाच्या लोंढ्याने ते एकदम खाली आलं असणार, नेमका हंगाम तोच आहे, असं ते भराभर बोलत सुटले. मग थांबून म्हणाले, त्या गुरुनाथने बरोबर पाहिलं होतं, मला वहीतलं ते चिन्ह खोडायला हवं.

हिमानी बाथरूममध्ये जाऊन रडली. आनंदाने रडली, हे तिने स्वतःशी कबूल केलं. नोकरी वाचली म्हणून निम्मं आणि काका खरे ठरले म्हणून निम्मं. चार आठवडे उशीर झाला होता, चार आठवडे आधी हे आकडे आले असते तर काकांनी ते प्रिंट काढून डिशवॉशरवर चिकटवले असते.

मंगळवारी ती तक्ता नीट करायला बसली आणि तिला काहीतरी खटकू लागलं. मासा कुजला की नायट्रोजन वाढतो. इथे तो जागचा हललेला नव्हता. वाढलं होतं ते कॅल्शियम, आणि तेही चिक्कार. फॉस्फरस आणि कॅल्शियम, दोन्ही एकत्र, एकाच दिवशी. मांस नाही, नुसती हाडं, असं तिच्या मनात आलं आणि तिने तो विचार बाजूला सारला. ग्रेगना विचारलं तर ते म्हणाले, सांगाडेच वाहून आले असतील, मांस आधीच अस्वलांनी खाल्लं असेल. पटण्यासारखं होतं. तिला ते पटवून घ्यायचंही होतं.

पण चार वर्षं एका टेस्टरबरोबर पराठे खाल्लेले होते. बुधवारी सकाळी ती नमुन्यांच्या फ्रीजपाशी गेली. त्या आठवड्यात ती सिॲटलला मुख्य लॅबमध्ये होती आणि बाटल्या ग्रेगनी बदलल्या होत्या. ते काहीही टाकून न देणारे. नळीच्या जाळीत अडकलेला कचरा त्यांनी एका काचेच्या कुपीत घालून, वर तारीख आणि "अनोळखी बिया" असं लिहून ठेवला होता. हिमानीने कुपी उजेडात धरली. आत स्प्रूसच्या दोन सुया होत्या आणि सात काळे, चपटे, एका टोकाला निमुळते दाणे.

ते तीळ होते. त्या जंगलात तिळाचं रोप शोधून सापडणार नाही. तिथल्या कुठल्याही वनस्पतिशास्त्रज्ञाला ओळखायला वेळ लागला असता, पण चिपळूणच्या मुलीला लागला नाही. आजोबांच्या वेळी वाशिष्ठीच्या काठावर वडिलांच्या तळहातावर तिने ते बघितले होते. एकवीस ऑक्टोबर म्हणजे काका जाऊन चौदावा दिवस.

सिंक दोन पावलांवर होता. कुपी उलटी केली असती, नळ सोडला असता, तर प्रकरण तिथेच मिटत होतं. ग्रेगना कधी कळलं नसतं. काकूंना कळायचा प्रश्नच नव्हता. प्रोजेक्ट तीन वर्षं वाढलं असतं, वहीतलं प्रश्नचिन्ह खोडलं गेलं असतं, काका कायमचे खरे ठरले असते. हिमानीने हे सगळं अगदी शांतपणे मनाशी मांडलं. त्यात कुणाचंच नुकसान दिसत नव्हतं, याचीच तिला भीती वाटली. मग तिने कुपी खिशात घातली, बाहेर गाडीत जाऊन बसली आणि काकूंना फोन लावला.

"काकू, जेवलात का?"

"आत्ता कुठे गं, अकरा वाजतायत. तू बोल. आवाज का असा येतोय तुझा?"

"एक विचारायचं होतं. काकांच्या अस्थी तुम्ही कुठे सोडल्या?"

"अनीशने तुला सांगू नको म्हटलं होतं," काकू म्हणाल्या. "परमिशन लागते की काय, त्यालाही नक्की माहीत नव्हतं. तुझ्यावर काही यायला नको म्हणून बोललो नाही. तुमच्या ओढ्यावरच सोडल्या. ह्यांनी हॉस्पिटलमध्ये सांगून ठेवलं होतं. ऑक्सिजन लावलेला, बोलू नका म्हणत होती नर्स, तरी तीनदा सांगितलं. डोहात सोडा. बॉक्सच्या खालच्या अंगाला."

"मग खाली सोडल्यात ना?"

"गेलो होतो गं खालीच. पण तिथे पाणी हलतच नव्हतं. ते मोठं झाड पडलंय ना आडवं, त्याच्यामागे सगळं तुंबलेलं. वर पानं साचलेली. अनीश म्हणाला, आई, इट्स फाइन, बाबांनी इथेच सांगितलंय. मी म्हटलं, नाही. साचलेल्या पाण्यात माणूस सोडत नाहीत. वाहतं पाणी पाहिजे. म्हणून आम्ही वर गेलो, पुलापाशी, तिथे छान धार होती. इकडे अस्थी म्हणजे नुसतं पीठ करून देतात बघ. हाड म्हणून हाताला लागलं नाही. एका मिनिटात सगळं गेलं."

हिमानीला एकच दिसत होतं. तो डोह साचलेला नव्हता. त्या पडलेल्या झाडामागेच मासा थांबतो, पिल्लं तिथेच वाढतात, तिथेच काकांना ती एकटी मादी दिसली होती. काकांनी तीनदा सांगून मागितली होती ती जागा हीच, आणि काकूंनी मायेपोटी त्यांना तिथून उचलून वर नेलं होतं. हे काकूंना सांगायचं नाही, हे तिने त्या क्षणी ठरवलं, आणि ते तिने पाळलं.

"हिमानी," काकू हळू म्हणाल्या, "तो पूल बॉक्सच्या वर येतो ना?"

"हो."

"मला माहीत होतं. चार वर्षं जेवताना तेच ऐकलंय मी. बॉक्सच्या वर काही नाही. म्हणून फुलंसुद्धा नेली नाहीत, दूध नेलं नाही. मूठभर तीळ तेवढे नेले, त्याशिवाय मला राहवेना. म्हटलं, एवढ्याशाने काय होतंय. ह्यांच्यामुळे तुझं काम बिघडलं का गं?"

नाही म्हणणं अगदी सोपं होतं. "दोन बाटल्या, काकू," हिमानी म्हणाली. "दोनच."

"रागावले असते माझ्यावर," काकू म्हणाल्या आणि रडू लागल्या. हॉस्पिटलमध्येसुद्धा त्या अशा रडल्या नव्हत्या. हिमानी फोन कानाला लावून बसून राहिली. समोरच्या काचेवर पाऊस तसाच बारीक येत होता. बऱ्याच वेळाने काकूंनी नाक शिंकरलं आणि विचारलं, "मग आता काय करशील?"

"अजून ठरवलं नाही."

"ठरवायचं काय त्यात? हे असते तर..." काकू म्हणाल्या. मग किती वाजता सोडल्या, असं हिमानीने विचारलं. पावणेबारा, असं उत्तर आलं. अनीशने घड्याळ बघितलं होतं.

ग्रेगना सांगताना तिने कुपी टेबलावर ठेवली आणि काही न लपवता सगळं सांगितलं. इंग्रजीत ते फार थोडक्यात संपलं. त्यांनी कुपी उचलून सातही दाणे निरखले. आमच्याकडे असं करतात, असं ती म्हणाली, तेव्हा त्यांनी नुसती मान हलवली. मग संगणकाकडे वळून अर्जातलं ते आलेखाचं पान काढून टाकलं. "म्हणजे माशाचं आपल्याला अजूनही माहीत नाही," ते म्हणाले. आणि जरा वेळाने, तिच्याकडे न बघता, त्यांनी सांगितलं की आलेखाशिवाय अर्ज कमकुवत आहे, तिने आजपासूनच दुसरीकडे चौकशी करावी, शिफारसपत्र ते आनंदाने देतील. त्यांनी तिला दोष दिला नाही. दिला असता तर तिला भांडायला तरी काही मिळालं असतं. पार्किंगमध्ये येऊन तिने गाडीच्या छतावर दोन्ही हात ठेवले आणि भिजत उभी राहिली. खरं बोलून हलकं वाटतं असं लहानपणापासून ऐकलं होतं, तिला अजिबात हलकं वाटत नव्हतं.

दोन बाटल्या रद्द करायच्या तर नियमाप्रमाणे वहीत नोंद लागते. त्या दिवशी ओढ्यावर कोण आलं होतं, किती वाजता, कशासाठी. गुरुवारी ती एकटी गेली. काकांचा गुरुवार होता तो. पडलेल्या स्प्रूसवरची हेमलॉकची रोपं उन्हाळा सोसून उभी होती, दोन वाळली होती. डोह पुन्हा भरला होता. तिने अर्धा तास पाण्याकडे बघितलं. पानं गोल फिरत होती, मासा नव्हता. मग पुलापर्यंत चढून गेली. तिथे धार जोरात होती आणि अडीच किलो राखेचा कुठेही मागमूस नव्हता. काही भाग नळीत गेला, काही डोहाच्या तळाशी बसला असेल, बाकीचा एव्हाना समुद्रात. नक्की किती कुठे, हे कुणी मोजलेलं नाही, आणि काकांनी मोजल्याशिवाय काही मानलं नसतं.

तिने पत्र्याचा डबा उघडला, वही मांडीवर घेतली. मागच्या नोव्हेंबरचं पान उघडून ते प्रश्नचिन्ह बघितलं. ते तसंच होतं, आणि तसंच राहणार होतं. मग शेवटच्या पानावर येऊन पेन्सिलीने काकांची चौऱ्याण्णववी ओळ लिहायला घेतली. पाहुणे म्हणून काकू आणि अनीशची नावं लिहिता आली असती. तिने तारीख घातली, एकवीस ऑक्टोबर. नाव, गुरुनाथ देवपुजारी. येण्याची वेळ, पावणेबारा. कामाच्या रकान्यात काय लिहावं ते सुचेना, म्हणून दोन बाटल्यांचे नंबर टाकले आणि पुढे "रद्द" असं लिहिलं.

त्याखाली तिने स्वतःची ओळ लिहिली. येण्याची वेळ साडेदहा. घड्याळ बघून, न विसरता, जाण्याची वेळही लिहिली, बारा वाजून दहा. काकांच्या ओळीतला शेवटचा रकाना तिने मोकळा ठेवला आणि वही डब्यात ठेवून झाकण लावलं.